मराठवाड्यातून सिनेमॅटोग्राफर होताना: नवोदितांसाठी मार्गदर्शन

मराठवाड्यातल्या ज्या मुलामुलींना चित्रपटाचे छायालेखन हाच आपला व्यवसाय करायचा आहे, त्यांच्यासाठी हा लेख लिहितो आहे. मी परभणी जिल्ह्यातला. लग्नांच्या व्हिडिओ शूटिंगपासून सुरुवात केली, पुढे मुंबईत बरीच वर्षे सहायक म्हणून कॅमेऱ्याच्या पेट्या उचलल्या, फोकस सांभाळला आणि त्यानंतर स्वतंत्रपणे कौटुंबिक चित्रपट, भयपट, माहितीपट, जाहिराती आणि वेब मालिका अशी निरनिराळी कामे केली. या वाटेवरच्या पुष्कळ गोष्टी मला उशिरा कळल्या. त्या इथे क्रमाने मांडतो.

एक मत सुरुवातीलाच सांगतो, कारण पुढचे सगळे त्यावर उभे आहे. स्वतःचा ठरावीक ‘लूक’ तयार करण्याच्या मागे नवोदित फार लवकर लागतात. ज्याला सर्व प्रकारच्या चित्रपटांत काम करायचे आहे, त्याने आधी दोन सवयी लावून घ्याव्यात: समोरचा उजेड कुठून, किती आणि कसा येतो हे वाचण्याची आणि संहितेतला प्रसंग कोणाच्या नजरेने पाहायचा आहे हे विचारण्याची. या दोन सवयी अंगवळणी पडल्या, की विनोदी चित्रपटातून भयपटात जाताना माणूस चाचपडत नाही. त्या लावून घेण्यासाठी मुंबईत जाण्याची वाट पाहावी लागत नाही. आपल्या गावात, आपल्या उन्हात त्या लागतात.

पहिली पायरी: काम नेमके काय आहे ते समजून घ्या

गावाकडे ‘कॅमेरामन’ म्हटले की खांद्यावर कॅमेरा घेतलेला माणूस डोळ्यांसमोर येतो. चित्रपटाच्या सेटवर सिनेमॅटोग्राफर, ज्याला सगळे डीओपी म्हणतात, तो कॅमेरा, लाइट आणि ग्रिप (कॅमेरा हलवण्याची साधने सांभाळणारे) या तीन तुकड्यांचा प्रमुख असतो. कॅमेरा प्रत्यक्ष चालवणारा ऑपरेटर अनेकदा वेगळाच असतो. त्याच्या हाताखाली असोसिएट आणि सहायक, कलाकार हलला तरी चेहरा स्पष्ट ठेवणारा फोकस पुलर, भाड्याच्या कॅमेऱ्याबरोबर येणारा अटेंडंट, लाइटची आखणी अमलात आणणारा गॅफर, लाइटबॉय आणि ट्रॉली, ट्रॅक, जिमी जिब सांभाळणारे लोक असतात. काम शूटिंगच्या पहिल्या दिवसाच्या कितीतरी आधी, संहितेच्या वाचनाने सुरू होते. मग जागांची रेकी, म्हणजे आधी जाऊन केलेली पाहणी, कपडे आणि भिंतींच्या रंगांवर कला दिग्दर्शकाशी चर्चा, कॅमेऱ्याची चाचणी, शूटिंग आणि शेवटी डीआय, म्हणजे कलरिस्टच्या शेजारी बसून संपूर्ण चित्रपटाचे रंग आणि उजेड जुळवणे. तीस-चाळीस माणसांकडून वेळेत काम करून घेण्याची तयारी नसेल, तर नुसत्या सुंदर चित्रांच्या हौसेवर हा व्यवसाय पेलत नाही.

दुसरी पायरी: उजेड वाचायला शिका

ही सर्वांत मोठी पायरी आहे आणि ती फुकट चढता येते. मराठवाड्यात मे महिन्याच्या मध्याच्या सुमारास आणि पुन्हा जुलैच्या अखेरीस दुपारचा सूर्य बरोबर डोक्यावर येतो. मधल्या काळात तो माध्यान्हीला किंचित उत्तरेकडे झुकलेला असतो. त्या दिवसांत भर दुपारी अंगणात कोणाला उभे करून पाहा: कपाळ आणि नाक पांढरे पडते, डोळ्यांच्या खोबणी काळ्या होतात आणि माणूस आहे त्यापेक्षा थकलेला दिसतो. तेच माणूस डिसेंबरात त्याच जागी उभे करा. तेव्हा छत्रपती संभाजीनगरला माध्यान्हीचा सूर्य जेमतेम ४७ अंश वर असतो, त्यामुळे दिवसभर बाजूने येणारा, चेहऱ्याला आकार देणारा उजेड मिळतो. कोणत्या महिन्यात कोणत्या दिशेच्या ओसरीवर किती वाजता ऊन येते याची वही एक वर्ष ठेवा. माझी पहिली वही माझ्याकडे अजून आहे आणि मराठवाड्यातल्या प्रत्येक शूटिंगच्या आधी मी ती उघडतो.

दुसरा अभ्यास घरातला आहे. जुन्या माळवदाच्या घरात झरोक्यातून कवडसा जमिनीवर पडतो आणि शेणाने सारवलेल्या भुईवरून परत उठून खोलीभर मंद पसरतो. कवडसा प्रखर असतो, पण आजीच्या चेहऱ्यावर पडलेला उजेड मऊ असतो, कारण तिला तो भिंतीवरून आणि भुईवरून मिळालेला असतो. परावर्तित उजेडाचे हेच तत्त्व वापरून सिनेमॅटोग्राफर सुब्रत मित्र यांनी सत्यजित राय यांच्या १९५६ च्या ‘अपराजितो’ या बंगाली चित्रपटासाठी स्टुडिओत उभारलेल्या बनारसच्या घराच्या चौकावर पांढरे कापड ताणले आणि दिव्यांचा झोत त्यावर टाकून आकाशाचा उजेड निर्माण केला. आज सेटवर थर्माकोलचा पत्रा धरून आपण तेच करतो. तुमच्याकडे थर्माकोल नसेल, तर पांढरे धोतर दोन काठ्यांना बांधा. धोतर चेहऱ्याच्या जवळ आणले की उजेड वाढतो आणि मऊही होतो, लांब नेले की झपाट्याने कमी होतो. अंतर दुप्पट केले की एखाद्या लहान दिव्याचा उजेड चौथाई उरतो, हा भौतिकशास्त्राचा नियम तुम्हाला तिथेच हातांनी कळेल.

आपल्याकडच्या उन्हाने रापलेल्या, सावळ्या चेहऱ्यांविषयी थोडे अधिक सांगतो. असा चेहरा ‘उजळ’ दिसावा म्हणून त्यावर लाइट ओतण्याची जुनी खोड अजून गेलेली नाही. सावळ्या कातडीवर मोठ्या, मऊ उजेडाचे प्रतिबिंब कडेने पडू दिले, की गालाची गोलाई आणि कातडीचा पोत आपोआप उठून येतो आणि माणूस स्वतःसारखा दिसतो. आपल्या माणसांना आपल्या रंगात दाखवणे ही या कामातली माझ्या मते पहिली जबाबदारी आहे.

हे जमले की आकडेमोड सोपी जाते. स्वच्छ उन्हाचा जुना नियम असा आहे: आयएसओ (कॅमेऱ्याची उजेडाची संवेदनशीलता) १०० आणि शटर (उजेड आत येऊ देण्याचा वेळ) सेकंदाचा शंभरावा भाग असेल, तर अॅपर्चर (लेन्सचे उघडे तोंड) एफ १६ ठेवावे. चित्रपटात सेकंदाला २४ किंवा २५ चित्रे घेतो आणि हालचाल नैसर्गिक दिसावी म्हणून शटर साधारण पन्नासाव्या भागावर ठेवतो, म्हणजे एक स्टॉप, अर्थात दुप्पट उजेड आत येतो. त्यात अनेक सिनेमा कॅमेऱ्यांचा मूळ आयएसओ ८०० असतो, म्हणजे आणखी तीन स्टॉप. आता मागची बाभळीची रांग धूसर करायला तुम्हाला एफ ४ हवे असेल, तर एफ १६ पासून तिथपर्यंतचे चार स्टॉप धरून एकूण आठ स्टॉप उजेड अडवावा लागतो. त्यासाठी एनडी, म्हणजे उजेड कमी करणारी गडद काच, २.४ क्षमतेची लागते, कारण एनडीचे ०.३ म्हणजे एक स्टॉप. हा हिशेब कागदावर दहा वेळा करा. मराठवाड्यात एनडीशिवाय बाहेर शूटिंगला जाणे म्हणजे छत्रीशिवाय कोकणात जाण्यासारखे आहे.

रंगाचेही तसेच. उजेडाचा रंग केल्विनमध्ये मोजतात, आकडा कमी तितका उजेड तांबूस: सेटवरचा हॅलोजन साधारण ३,२०० केल्विनचा, दिवसाचा उजेड साधारण ५,६०० केल्विनचा धरतात. कंदिलाची ज्योत त्याहून कितीतरी तांबूस असते. एकाच खोलीत खिडकी, ट्यूबलाइट आणि बल्ब असेल, तर कोणता उजेड ‘पांढरा’ मानायचा हा तांत्रिक निर्णय वाटला तरी तो कथेचा निर्णय असतो.

तिसरी पायरी: शिक्षणाचा मार्ग ठरवा

पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट १९६० साली प्रभात स्टुडिओच्या जागेवर सुरू झाली. तिथला सिनेमॅटोग्राफीचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा आहे आणि त्यासाठी कोणत्याही शाखेची पदवी चालते. कोलकात्याची सत्यजित राय चित्रपट संस्था १९९५ पासून आहे. दोन्हीकडे प्रवेश परीक्षेतून मिळतो आणि जागा मोजक्या असतात. म्हणून बारावीनंतर लगेच खासगी संस्थेची मोठी फी भरण्यापेक्षा पदवी पूर्ण करा, त्या तीन वर्षांत फोटो काढा, चित्रे पाहा, वाचा आणि तयारीने परीक्षा द्या, असा माझा आग्रह राहील. जवळच राहायचे असेल, तर छत्रपती संभाजीनगरला डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाचा नाट्यशास्त्र विभाग आहे आणि एमजीएम विद्यापीठात चित्रपटाचे शिक्षण मिळते. नाट्यशास्त्राचा अभ्यास छायालेखकाला उपयोगी पडत नाही असे समजू नका. नट रंगमंचावर कुठे का सरकतो हे ज्याला कळते, त्याला कॅमेरा कुठे ठेवायचा हेही लवकर कळते.

शहरात भरणाऱ्या अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाला जमेल तेव्हा जा. मोठ्या पडद्यावर, अंधारात, इतर प्रेक्षकांबरोबर चित्रपट पाहण्याची सवय मोबाइलवर लागत नाही. आणि अजिंठ्याच्या लेण्यांत एक सकाळ नुसते उभे राहा. तिथल्या मंद उजेडात डोळे सरावायला काही मिनिटे लागतात आणि मग भिंतीवरचे चेहरे हळूहळू वर येतात. डोळा अंधाराशी कसा जुळवून घेतो याचा इतका चांगला धडा मला कोणत्या वर्गात मिळाला नाही.

चौथी पायरी: कॅमेरा घेण्याआधी थांबा

‘दादा, कोणता कॅमेरा घेऊ?’ हा मला सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न आहे. कर्ज काढून किंवा शेतीचा तुकडा विकून सिनेमा कॅमेरा घेऊ नका. हे मी हात जोडून सांगतो, कारण हप्त्यांखाली दबून हा व्यवसायच सोडलेली मुले मी पाहिली आहेत. मोठ्या कामांना निर्माता कॅमेरा भाड्याने आणतो. शिकण्यासाठी वापरलेला, आयएसओ, अॅपर्चर आणि शटर हाताने बदलता येणारा मिररलेस कॅमेरा, एक ५० मिमीची लेन्स, घट्ट ट्रायपॉड आणि एनडी इतके पुरेसे आहे. झूम घेऊ नका. एकाच लेन्सने वर्षभर काम केले, की जवळ जायचे की मागे सरायचे हे पाय ठरवू लागतात.

पाचवी पायरी: गावातले काम हीच तालीम

लग्नाच्या कामाला कमी लेखणारे पुष्कळ आहेत. मी त्यांच्यातला नाही. अंतरपाट खाली येतो तो क्षण पुन्हा घडत नाही, वधूच्या आईच्या डोळ्यांत पाणी येते त्याचा रिटेक नसतो आणि मंगल कार्यालयात खिडकीचे ऊन, ट्यूबलाइट, हॅलोजन आणि रंगीत एलईडीच्या माळा यांची सरमिसळ असते. जिंतूरकडच्या एका लग्नात मी शटर चुकीचे ठेवल्यामुळे पूर्ण विधीच्या चित्रणात ट्यूबलाइटची लहर वर-खाली पळताना दिसत होती आणि त्या घरच्यांना मी ते तोंड वर करून दाखवू शकलो नाही. कारण साधे होते: आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून दिवे सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतात. सेकंदाला २५ चित्रे असतील तर शटर पन्नासावा भाग, म्हणजे कोनात मोजले तर १८० अंश ठेवा. २४ चित्रे असतील तर शटरचा कोन १७२.८ अंश ठेवा. स्वस्त एलईडी माळांचा भरवसा मात्र या हिशेबानेही देता येत नाही. त्या चालू करून, वेगवेगळ्या शटरवर तपासूनच पाहाव्या लागतात.

देवीच्या गोंधळाचे चित्रण करायची संधी मिळाली तर सोडू नका. रात्री संबळ वाजू लागते, गोंधळी पोत, म्हणजे मशाल, पेटवून हलवतो आणि एकाच फ्रेममध्ये भडक ज्योत, घामेजलेला चेहरा आणि पूर्ण काळोख असे तिन्ही येतात. ज्योतीत थोडा रंग टिकेल इतके एक्सपोजर कमी करा, चेहरा ज्योतीजवळ येईल तेव्हाच उजळू द्या, आणि कॅमेऱ्यावरचा लाइट अजिबात लावू नका, कारण तो लागला की पोतीचा उजेड मरतो. पुढे भयपटात मला जो अंधार जमला, तो मी तुळजापूरच्या वाटेवरच्या अशा रात्रींत शिकलो.

माहितीपटांचे आणि बातम्यांचे कामही मराठवाड्यात मिळते. त्यात दुष्काळ, टँकर आणि शेतकऱ्याच्या घरातले दुःख येते. अशा घरी कॅमेरा काढण्याआधी बसा, पाणी प्या, विचारा, आणि नाही म्हटले तर परत फिरा. रडणाऱ्या माणसाच्या चेहऱ्यावर लेन्स नेऊन मिळवलेला शॉट उमेदवारीच्या रीलमध्ये, म्हणजे काम मागताना दाखवायच्या निवडक चित्रणात, घालू नका.

सहावी पायरी: मुंबईतील सहायकाची वर्षे

देवगिरी किंवा तपोवन एक्स्प्रेसने मुंबईला उतरलेल्या मुलाला पहिले काम सहसा ओळखीतूनच मिळते. ज्यांचे काम खरोखर आवडते अशा पाच-सहा सिनेमॅटोग्राफरांना नेमके आणि लहान पत्र लिहा: तुम्ही कोण, त्यांच्या कोणत्या प्रसंगातून काय शिकलात, कधीपासून मोकळे आहात. सोबत दोन मिनिटांपेक्षा मोठी रील जोडू नका. उत्तर आले नाही तर महिन्याने एकदा आठवण द्या. रोज फोन करू नका.

सुरुवातीला बॅटऱ्या चार्ज करणे, लेन्स पुसणे, कार्डांचा हिशेब ठेवणे एवढेच हाती येते आणि तेच जिवावरचे काम आहे. दोन वेगळ्या डिस्कवर प्रत उतरून ती उघडून पाहिल्याशिवाय कोणतेही कार्ड फॉरमॅट करायचे नाही. भरलेल्या कार्डाला लाल पट्टी आणि रिकाम्याला हिरवी, ही खूण कितीही घाई असली तरी मोडायची नाही. मग फोकस. टेपने अंतर मोजणे, नटाच्या थांब्यावर खूण करणे आणि त्याच्या श्वासावरून तो पुढे झुकणार आहे हे आधीच ओळखणे यात दोन-तीन वर्षे सहज जातात. लाइटबॉयशी मैत्री ठेवा. वीस वर्षे सेटवर काढलेला लाइटबॉय स्किमर (उजेड मऊ करणारे कापड) कुठे बांधावा आणि कटर (उजेड अडवणारा काळा पडदा) किती खाली घ्यावा हे नवख्या सहायकापेक्षा चांगले जाणतो, आणि त्याला आदराने विचारले तर तो सांगतो.

संघटनेचे सदस्यत्व वेळेत घ्या. मुंबईत वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशन ही आपल्या व्यवसायाची संघटना आहे. मराठी चित्रपटांसाठी अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळ आहे. पैसे थकले किंवा शिफ्टच्या तासांवरून वाद झाला, तर एकट्याने भांडण्यापेक्षा संघटनेमार्फत दाद मागणे केव्हाही बरे.

मुलींना एक शब्द स्वतंत्रपणे. ‘पेट्या उचलाव्या लागतात, रात्री-अपरात्री काम असते’ असे सांगून तुम्हाला परतवले जाईल. तमिळ चित्रपटात बी. आर. विजयालक्ष्मी १९८० च्या दशकात स्वतंत्र सिनेमॅटोग्राफर झाल्या आणि २०१७ पासून भारतातील महिला सिनेमॅटोग्राफरांचा स्वतःचा समूहही आहे. त्या समूहाशी संपर्क ठेवा, राहण्याची आणि रात्रीच्या प्रवासाची सोय काम स्वीकारतानाच लेखी ठरवा आणि ती मागताना संकोच करू नका.

सातवी पायरी: प्रकार बदलला की काय बदलते

अविनाश अरुण यांचे उदाहरण मी विद्यार्थ्यांना नेहमी देतो. २०१५ या एकाच वर्षी त्यांच्या छायालेखनाचे तीन चित्रपट प्रदर्शित झाले: कोकणातल्या लहान मुलाच्या एकटेपणाचा ‘किल्ला’, वाराणसीच्या घाटांवरचा ‘मसान’ आणि ‘दृश्यम’ हा रहस्यपट. महेश लिमये यांनी २०१० मध्ये ‘नटरंग’ आणि ‘दबंग’ असे दोन टोकांचे चित्रपट दिले. हे चित्रपट आवाज बंद करून एकापाठोपाठ पाहा आणि प्रत्येक प्रसंगात उजेड कुठून येतो, कॅमेरा कोणाच्या बाजूला उभा आहे आणि पात्राच्या मागे किती जागा सोडली आहे एवढेच लिहून काढा.

मग स्वतः करून पाहण्याचा एक अभ्यास सांगतो. एक जुना वाडा निवडा. ओसरीवर दोन माणसे बसली आहेत, तिसरा दिंडी दरवाजातून आत येतो, एवढाच प्रसंग घ्या आणि तो चार प्रकारे चित्रित करा.

विनोदी प्रसंग असेल तर दोघांना एकाच फ्रेममध्ये ठेवा, कारण हसू बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जास्त येते. लेन्स थोडी रुंद, मागचे-पुढचे सगळे स्पष्ट, डोळे दिसतील असा पसरलेला उजेड, आणि कॅमेरा जितका शांत ठेवता येईल तितका शांत. पाहुणा दारात अडखळला तर ते न कापता दिसले पाहिजे.

तोच प्रसंग भयपटाचा असेल, तर आधी ठरवा की प्रेक्षकाला काय दिसू द्यायचे नाही. उजेडाला कारण द्या: कोनाड्यातला दिवा, हातातला कंदील, दाराच्या फटीतले चांदणे. दोघांच्या मागे ओसरीचा जो भाग रिकामा आहे तो फ्रेममध्ये मुद्दाम मोठा ठेवा आणि ट्रॉली इतकी हळू सरकवा की हालचाल उमगावी पण दिसू नये. सगळे निळे केले म्हणजे रात्र झाली ही समजूत सोडून द्या. माझी चूक इथेच सांगतो: माझा पहिला भयपट मी मॉनिटरवर पाहून इतका काळोखा ठेवला, की तालुक्याच्या गावच्या एका जुन्या चित्रपटगृहात, मंदावलेल्या प्रोजेक्टरवर, मधला अर्धा तास प्रेक्षकांना फक्त आवाज ऐकू येत होते. तेव्हापासून अंधाराच्या प्रत्येक फ्रेममध्ये कुठेतरी एक उजळ कड ठेवतो, म्हणजे डोळ्याला काळे किती काळे आहे याचे माप मिळते, आणि डीआयच्या वेळी प्रसंग मोठ्या पडद्यावर पाहिल्याशिवाय मान्य करत नाही.

ग्रामीण कौटुंबिक चित्रपटात मोह असतो तो देखाव्याचा. ज्वारीचे शेत, मावळता सूर्य, बैलगाडी हे सुंदर आहेच; पण ज्या पात्राला उद्याच्या हप्त्याची काळजी आहे त्याला ते शेत तसे दिसत नाही. संध्याकाळी चुलीचा धूर ओसरीवर तरंगतो तेव्हा मागून येणारा उजेड घ्या, धूर स्वतःच खोली निर्माण करतो, आणि कॅमेरा बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर आणा. भुईवर बसणाऱ्या माणसांना उभ्या माणसाच्या उंचीवरून चित्रित केले, की आपण त्यांच्याकडे नकळत खाली पाहतो.

चौथा प्रकार माहितीपटाचा. इथे काहीही मांडायचे नाही. समोरच्या माणसाची पाठ उजेडाकडे होणार नाही अशी, खिडकीच्या बाजूची जागा तुम्हाला बसायला निवडा, एकच लेन्स ठेवा आणि माणसे बोलू लागेपर्यंत कॅमेरा मांडीवर असू द्या.

गाण्यासाठी एवढेच लक्षात ठेवा की वेग मंद करण्यासाठी चित्रे दुप्पट, म्हणजे २४ ऐवजी ४८ घेतली, की एक स्टॉप उजेड कमी पडतो. तो कुठून आणायचा हे नृत्य दिग्दर्शकाने मोजणी सुरू करण्याआधी ठरलेले असावे. रहस्यपटात मात्र घराचा नकाशा प्रेक्षकाला पक्का कळला पाहिजे: दार कुठे, जिना कुठे, खिडकीतून दिसते काय, आणि प्रसंग दुपारी तीनचा असेल तर चार दिवस चाललेल्या शूटिंगमध्ये तो तीनचाच वाटला पाहिजे.

आठवी पायरी: मराठवाड्यात शूटिंग आखताना

परगावचे युनिट घेऊन कधीतरी तुम्ही आपल्याच भागात याल. पावसाळा सरल्यावर हवा धुतलेली असते, डोंगर हिरवे असतात आणि सावल्या स्वच्छ पडतात. कापसाचा पांढरा रंग आणि ज्वारीची उभी पिके हिवाळ्यात मिळतात. मार्चनंतर धुळीमुळे क्षितिज पिवळट दिसते. उन्हाळ्यात सकाळी सहा ते दहा आणि दुपारी चारनंतर बाहेरचे प्रसंग ठेवा, मधले तास घरातल्या प्रसंगांना द्या. कॅमेऱ्यावर पांढरे कापड आणि छत्री हवीच, कारण तापलेला कॅमेरा ऐन शॉटमध्ये बंद पडतो. काळ्या मातीची बारीक धूळ सेन्सरवर बसते, म्हणून लेन्स गाडीत, काचा लावूनच बदला.

विजेचा हिशेब स्वतः करा. २३० व्होल्टवर १,००० वॉटचा लाइट सव्वाचार अँपिअरहून थोडा जास्त प्रवाह ओढतो, म्हणजे घरातल्या साध्या प्लगवर असा एकच लाइट लागतो. जुन्या घराच्या वायरिंगवर विसंबू नका, जनरेटर मागवा आणि त्याचा आवाज साउंड रेकॉर्डिस्टला अडचणीचा होणार नाही इतका तो लांब उभा करा.

वेरूळ, अजिंठा, दौलताबाद आणि बीबी का मकबरा ही केंद्राची संरक्षित स्मारके आहेत. तिथे चित्रपटासाठी भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाची पूर्वपरवानगी लागते. अजिंठ्याच्या चित्रांवर फ्लॅश मारायला बंदी आहे, ती चित्रांच्या आयुष्यासाठी आहे हे युनिटमधल्या प्रत्येकाला सांगा. ड्रोन उडवायचा असेल तर २०२१ च्या ड्रोन नियमांनुसार त्याची नोंदणी, वैमानिकाचे प्रमाणपत्र आणि नकाशावरचा लाल-पिवळा-हिरवा विभाग पाहा. २५० ग्रॅमपर्यंतच्या ड्रोनला प्रमाणपत्राची सूट आहे, पण त्याहून मोठा ड्रोन व्यावसायिक कामाला वापरताना ही सूट मिळत नाही.

नववी पायरी: पहिला स्वतंत्र चित्रपट आणि त्याचा करार

पहिला चित्रपट सहसा ओळखीचा दिग्दर्शक आणि अपुरे बजेट घेऊन येतो. तो स्वीकारा, पण करार लेखी करा. त्यात शूटिंगचे दिवस, शिफ्टचे तास, मानधनाचे टप्पे, श्रेयनामावलीतला उल्लेख आणि उपकरणांच्या विम्याची जबाबदारी असावी. शेवटचा हप्ता प्रदर्शनाशी जोडू देऊ नका, कारण अनेक चित्रपट वर्षानुवर्षे प्रदर्शित होत नाहीत. तो शूटिंग संपण्याशी जोडा. मानधनातून टीडीएस कापला जातो, तेव्हा विवरणपत्र दरवर्षी भरा, जास्तीची कपात परत मिळते. वार्षिक उलाढाल २० लाखांच्या वर गेली की जीएसटीची नोंदणी करावी लागते.

एक कलम मी कधीही सोडत नाही: डीआयच्या वेळी माझी उपस्थिती आणि त्या दिवसांचा खर्च. सेटवर कमी उजेडात, जपून घेतलेला चेहरा तुमच्या अपरोक्ष कोणी उजळून, गोरा करून टाकू शकतो, आणि प्रदर्शनाच्या दिवशी तो पाहून तुम्हाला काही करता येत नाही. डीआयला जाताना प्रत्येक प्रसंगाचा एक स्थिर फोटो आणि सेटवर त्या वेळी लिहिलेली दोन ओळींची नोंद सोबत ठेवा: उजेड कुठून आला, चेहरा किती अंधारात हवा होता आणि का. कलरिस्ट दिवसाला शेकडो शॉट पाहतो. त्याला तुमच्या मनातला वाडा माहीत नसतो, तो त्या नोंदीतूनच कळतो.